आगकाड्यांना चालविणारे दादासाहेब

धुंडिराज गोविंद फाळके यांचे नाव निघाले की 'राजा हरिश्चंद्र' आठवतो. भारतीय चित्रपटसृष्टीचे जनक, त्यांच्या नावाचा पुरस्कार, नाशिकच्या पांडवलेण्यांच्या पायथ्याचे स्मारक, एवढी त्यांची ओळख सर्वांना असते. मात्र याच फाळके यांनी १९१५ साली एक अगदी चिमुकला चित्रपट केला होता. त्यात कोणी राजा नव्हता, ऋषी नव्हता, देवही नव्हता. पडद्यावर वावरणारी पात्रे होती काडेपेटीतल्या काड्या. चित्रपटाचे नाव होते 'आगकाड्यांची मौज'. जिला हात नाहीत, पाय नाहीत, चेहरा नाही अशी बोटाएवढी लाकडी काडी आपल्याआप हलू लागते, हे दृश्य एका मराठी माणसाने भारतीय प्रेक्षकांपुढे ठेवले. फाळके यांचे सारे आयुष्य समजून घ्यायचे असेल, तर या काड्यांपासून सुरुवात करणे सोयीचे ठरते.

काडी चालते कशी? कॅमेऱ्यासमोर काडी ठेवायची, एकच फ्रेम टिपायची, काडी केसभर पुढे सरकवायची आणि पुन्हा एक फ्रेम टिपायची. त्या काळी कॅमेरा हाताने मूठ फिरवून चालवावा लागे. अनेक कॅमेऱ्यांत मुठीचा एक फेरा म्हणजे आठ फ्रेम, असा हिशेब असे. अशा युक्तिचित्रणासाठी मात्र एका वेळी एकच फ्रेम घ्यावी लागे. मूकपटाच्या काळात पडद्यावर सेकंदाला साधारण सोळा फ्रेम सरकत. म्हणजे एका मिनिटाच्या करमणुकीसाठी काडीला सुमारे ९६० वेळा हात लावायचा, आणि प्रत्येक वेळी हात कॅमेऱ्यात न येईल याची दक्षता घ्यायची. मध्येच टेबलाला धक्का लागला किंवा प्रकाश बदलला, की आधीची मेहनत वाया. या कामाला प्रतिभेइतकीच घड्याळजीची चिकाटी लागते.

घड्याळजीची उपमा येथे उगाच येत नाही. चिमुकल्या यांत्रिक जीवांचे वेड युरोपात घड्याळजींनीच लावले. स्वित्झर्लंडच्या पिएर जाके-द्रो या घड्याळजीने १७६८ ते १७७४ या काळात मुलासह आणि सहकाऱ्यासह तीन बाहुल्या घडविल्या. एक लिहिते, एक चित्र काढते, एक वाद्य वाजवते. न्यूशातेलच्या संग्रहालयात त्या आजही आहेत. पुढे फ्रान्समध्ये रॉबेर-उदँ या घड्याळजीने कळीच्या बाहुल्या बनविता बनविता जादूगार म्हणून नाव कमावले. त्याच्या नावाचे पॅरिसमधील नाट्यगृह १८८८ साली जॉर्ज मेलिएसने विकत घेतले, आणि जादूगार मेलिएस पुढे चित्रपटातील युक्तिदृश्यांचा आद्य उस्ताद ठरला. फिल्म थांबत थांबत पुढे सरकविणारी प्रोजेक्टरमधील जिनिव्हा कळसुद्धा मूळची घड्याळातलीच. स्प्रिंगला गरजेपेक्षा अधिक चावी बसू नये म्हणून ती वापरीत. घड्याळ, जादू आणि चित्रपट या तीन कला अशा एकाच घरच्या. फाळके यांचा प्रवासही याच घरातून झाला.

आपल्याकडे या घराला वेगळी दारे होती. कोकणात कुडाळजवळच्या पिंगुळीत ठाकर समाजाने कळसूत्री बाहुल्या आणि चित्रकथी पिढ्यान्‌पिढ्या सांभाळल्या. सांगलीत १८४३ साली 'सीता स्वयंवर' रंगभूमीवर आणणाऱ्या विष्णुदास भावे यांनी लाकडी बाहुल्याही घडविल्या होत्या. महाराष्ट्राच्या दुसऱ्या टोकाला, गोंदिया जिल्ह्यातील केशोरीचा समावेश असलेल्या झाडीपट्टीत दंडारीचा खेळ रंगे. धान घरात आल्यावर मंडईच्या निमित्ताने रात्रभर नाटक पाहण्याचा तिथला शौक अजूनही ओसरलेला नाही. दिव्याच्या उजेडात उभ्या राहणाऱ्या वेगळ्या सृष्टीवर विश्वास ठेवणारा प्रेक्षक मराठी मुलखात कोनाकोपऱ्यांत होता. फाळके यांनी त्याच्यापुढे नवे यंत्र आणले.

३० एप्रिल १८७० रोजी त्र्यंबकेश्वर येथे फाळके यांचा जन्म झाला. वडील संस्कृतचे व्यासंगी पंडित. घरात पोथ्या-पुराणांचे वातावरण. मुलाचा ओढा मात्र हाताने काही घडविण्याकडे. वडिलांना मुंबईत संस्कृतच्या अध्यापनाची नोकरी मिळाली आणि कुटुंब मुंबईला आले. १८८५ साली धुंडिराज जे. जे. कलाशाळेत चित्रकला शिकू लागले. पुढे थोरल्या भावासोबत ते बडोद्याला गेले. सयाजीराव गायकवाड यांच्या आश्रयाने १८९० साली सुरू झालेल्या कलाभवनात त्यांनी चित्रकला, मूर्तिकाम, वास्तुकला आणि छायाचित्रण असे जे जे मिळेल ते आत्मसात केले. १८९२ च्या अहमदाबाद येथील औद्योगिक प्रदर्शनात त्यांनी आदर्श नाट्यगृहाची छोटी प्रतिकृती मांडली आणि तिला सुवर्णपदक मिळाले. मोठे जग लहान आकारात उभे करण्याची त्यांची हौस तेव्हापासूनची.

या विद्येच्या बळावर संसार थाटण्यासाठी त्यांनी गुजरातेत गोध्रा येथे छायाचित्रणाचा व्यवसाय सुरू केला. जम बसत असतानाच प्लेगची साथ आली. १९०० च्या सुमारास त्या साथीत पहिली पत्नी आणि अपत्य, दोघेही गेले. फाळके गोध्रा सोडून बडोद्याला परतले. तिथे नवीच अडचण समोर उभी राहिली. कॅमेरा माणसाच्या अंगातील शक्ती शोषून घेतो आणि त्यामुळे मृत्यू ओढवतो, असा समज लोकांत पसरला होता. गिऱ्हाईक दारात येईना. ज्या यंत्राने आपण माणसाची स्मृती टिकवू असे फाळके यांना वाटत होते, त्याच यंत्राला लोक भिऊ लागले होते. त्यांनी दुकान बंद केले आणि नाटक मंडळ्यांचे पडदे रंगवायला घेतले.

याच काळात बडोद्यात आलेल्या एका जर्मन जादूगाराशी त्यांची ओळख झाली. त्याच्याकडून ते हातचलाखी शिकले. १९०१ पासून त्यांनी स्वतः जादूचे जाहीर प्रयोग केले. त्यासाठी नाव घेतले 'प्रोफेसर केळफा'. फाळके या आडनावाची अक्षरे उलटसुलट केली की केळफा होतो! वस्तू नाहीशी करणे, निर्जीव वस्तू हलविणे, प्रेक्षकाची नजर हवी तिकडे वळविणे, या साऱ्याची तालीम त्यांना रंगमंचावर मिळाली. पुढे कॅमेरा हाती आल्यावर हीच तालीम कामी आली.

१९०२ साली त्यांचा दुसरा विवाह झाला. पत्नी किर्लोस्कर नाटक मंडळीच्या मालकांच्या नात्यातील, माहेरच्या करंदीकर. सासरी त्या सरस्वतीबाई झाल्या. भारतीय चित्रपटाच्या जन्मकथेत या नावाला जेवढी जागा मिळायला हवी तेवढी अजूनही मिळालेली नाही. पुरातत्त्व खात्यात छायाचित्रकार व आरेखक म्हणून काही वर्षे काढल्यावर फाळके यांनी नोकरी सोडली आणि लोणावळ्यात ब्लॉक व छपाईचा कारखाना काढला. राजा रविवर्मा यांच्या मुद्रणालयाचे कामही त्यांच्याकडे येई. नंतर कारखाना दादरला आला. रंगीत छपाईची यंत्रे आणण्यासाठी १९०९ साली ते जर्मनीला जाऊन आले. धंदा नावारूपाला आला. पण भागीदारांशी पटेना. अखेर आपल्या श्रमाने उभा केलेला कारखाना सोडून ते रिकाम्या हाताने बाहेर पडले. तेव्हा त्यांनी चाळिशी ओलांडली होती.

१९११ सालच्या ईस्टरच्या दिवसांत गिरगावच्या अमेरिका-इंडिया पिक्चर पॅलेसमध्ये त्यांनी ख्रिस्ताच्या जीवनावरचा चित्रपट पाहिला. आपले राम-कृष्णही असे पडद्यावर चालते-बोलते झाले पाहिजेत, या विचाराने त्यांना झपाटले. त्यानंतरचे महिने त्यांनी मुंबईत येईल तो चित्रपट पाहण्यात आणि घरी फिल्मच्या तुकड्यांशी, भिंगांशी झटापट करण्यात घालविले. दिवसाचे कित्येक तास नजर पडद्यावर आणि झोप जेमतेम. याचा परिणाम डोळ्यांवर झाला. दृष्टी गेली. वेळेवर मिळालेले उपचार आणि चष्म्यांच्या अनेक जोड्या यांच्या साहाय्याने ती परत आली. कोणीही या सूचनेनंतर सावध झाला असता. फाळके यांनी आयुर्विम्याच्या पॉलिसी गहाण टाकल्या आणि १९१२ च्या फेब्रुवारीत लंडनचे जहाज पकडले.

लंडनमध्ये त्यांची ना कोणाशी ओळख होती, ना हाती मोठी रक्कम. ते थेट 'बायोस्कोप' या चित्रपटविषयक साप्ताहिकाच्या कार्यालयात गेले. संपादकाने आधी त्यांना परावृत्त करून पाहिले. नंतर मदतही केली. सेसिल हेपवर्थ या नामवंत ब्रिटिश निर्मात्याचा स्टुडिओ त्यांना आतून पाहता आला. पन्नास पौंडांचा विल्यमसन कॅमेरा, फिल्मला छिद्रे पाडण्याचे यंत्र आणि कोडॅकच्या कच्च्या फिल्मची मागणी नोंदवून ते १ एप्रिल १९१२ रोजी मुंबईला परतले.

यंत्र आले, पण चित्रपटासाठी पैसा देणार कोण? सावकाराला चित्रपट ही वस्तू ठाऊक नव्हती, मग तिच्यावर तो कर्ज काय देणार? तेव्हा फाळके यांनी वाटाण्याचा दाणा निवडला. कुंडीत तो पेरला, समोर कॅमेरा लावला आणि महिनाभराहून अधिक काळ ठरावीक अंतराने फ्रेम घेत राहिले. पडद्यावर जेमतेम मिनिटभरात दाणा फुटला, कोंब वर आला, वेल चढू लागला. 'अंकुराची वाढ' असे त्या फितीचे नाव. निवडक मंडळींना ती दाखविण्यात आली आणि त्यांतील काहींनी कर्ज द्यायची तयारी दाखविली. भारतीय कथापटाला पहिले भांडवल मिळवून दिले ते या वाटाण्याने. आगकाड्यांची विद्या अशी तीन वर्षे आधीच त्यांच्या हाती आली होती. एका ठिकाणी निसर्ग वस्तू हलवीत होता आणि ते टिपत होते. दुसऱ्या ठिकाणी निसर्गाचे काम त्यांनी आपल्या बोटांवर घेतले.

'राजा हरिश्चंद्र'ची कथा बहुतेकांना परिचित आहे. दादरच्या घरात आणि आवारात तो आकाराला आला. तारामतीच्या भूमिकेसाठी स्त्री मिळेना म्हणून अण्णा साळुंके या तरुणाला लुगडे नेसवावे लागले. हरिश्चंद्र झाले दत्तात्रय दाबके, तर रोहिदास फाळके यांचाच मुलगा भालचंद्र. २१ एप्रिल १९१३ रोजी मुंबईच्या ऑलिम्पिया थिएटरात निमंत्रितांसाठी खेळ झाला आणि ३ मे रोजी कॉरोनेशनमध्ये तो लोकांपुढे आला. या यशामागचा संसार मात्र पडद्यावर दिसला नाही. कच्च्या फिल्मला तेव्हा कडेची छिद्रे नसत. ती अंधारात, एकामागून एक, यंत्राने पाडावी लागत. हे काम सरस्वतीबाई रात्री करीत. दिवसा चमूतील साऱ्या लोकांचा स्वयंपाक त्यांच्याकडे. चित्रण चालू असताना उन्हाचा प्रकाश नटांच्या चेहऱ्यावर फेकण्यासाठी पांढरी चादर धरून त्याच उभ्या राहत. त्यांचे दागिनेही या उद्योगात गेले. ज्या छिद्रांच्या आधारे फिल्म पुढे सरकते आणि निर्जीव चित्र सजीव भासते, ती छिद्रे एका गृहिणीच्या हातची होती.

यानंतर फाळके नाशिकला गेले. 'मोहिनी भस्मासुर'मध्ये दुर्गाबाई कामत आणि त्यांची कन्या कमलाबाई यांच्या रूपाने स्त्रिया पडद्यावर आल्या. 'सत्यवान सावित्री'ही झाला. १९१४ साली आपले चित्रपट घेऊन ते पुन्हा लंडनला गेले. तिथल्या जाणकारांनी तांत्रिक सफाईची वाखाणणी केली; तिथेच राहून चित्रपट काढण्याचे प्रस्तावही आले. ते नाकारून फाळके मायदेशी निघाले. त्याच वर्षी ऑगस्टमध्ये महायुद्ध पेटले आणि सारे गणित विस्कटले. कर्ज देणाऱ्यांनी हात आखडता घेतला, कच्चा माल महागला. मोठा पौराणिक पट काढणे अशक्य झाले. लोकमान्य टिळकांसारख्यांनी त्यांच्यासाठी भांडवल उभे राहावे म्हणून खटपट केली, पण तिला लगेच फळ आले नाही.

'आगकाड्यांची मौज' या ओढगस्तीच्या काळातली आहे. नट नाहीत, पोशाख नाहीत, देखावे नाहीत. खर्च फक्त फिल्मचा आणि वेळेचा. फ्रान्समध्ये एमिल कोल याने १९०८ साली आगकाड्यांचा असा खेळ पडद्यावर आणला होता. फाळके यांनी तो प्रकार भारतीय प्रेक्षकांसाठी केला. नाण्यांना पडद्यावर हालविणारा 'लक्ष्मीचा गालिचा' आणि 'विचित्र शिल्प' हेही याच जातीचे लघुपट. 'प्रोफेसर केळफा' या जुन्या नावाने त्यांनी आपली जादू कॅमेऱ्यासमोर सादर केली, तर चित्रपट कसा तयार होतो हे दाखविणारा बोधपटही काढला. पैसे नसताना नाण्यांना नाचविणाऱ्या माणसाच्या विनोदबुद्धीला दाद द्यावी लागते. अडचणीतही हात थांबू द्यायचा नाही, ही त्यामागची जिद्द होती. आणि हाच अभ्यास पुढे फळाला आला. १९१७ च्या 'लंका दहन'मधील आकाशात झेप घेणारा हनुमान आणि जळणारी लंका, 'श्रीकृष्ण जन्म'मधील चमत्कार, १९१९ च्या 'कालिया मर्दन'मध्ये त्यांची चिमुरडी कन्या मंदाकिनी हिने साकारलेला कृष्ण, या साऱ्यांत जादूगार फाळके आणि कारागीर फाळके एकत्र दिसतात. 'लंका दहन'मध्ये तर अण्णा साळुंके यांनीच राम आणि सीता अशा दोन्ही भूमिका केल्या.

पैसा आला तसा पैशाचा मालकही आला. १९१८ साली मुंबईच्या धनिकांच्या भागीदारीत हिंदुस्थान सिनेमा फिल्म्स कंपनी उभी राहिली. प्रत्येक फ्रेम स्वतः तपासणारा कारागीर आणि खर्चाचा हिशेब मागणारे भागीदार यांचे जमणे कठीणच होते. छपाईच्या कारखान्यात घडलेली गोष्ट पुन्हा घडली. उद्वेगाने फाळके काशीला निघून गेले. तिथे त्यांनी 'रंगभूमी' नावाचे नाटक लिहिले. काही काळाने ते कंपनीत परतले. अनेक चित्रपट काढले. मात्र पूर्वीची हुकमत परत आली नाही. १४ मार्च १९३१ रोजी 'आलम आरा' प्रदर्शित झाला आणि पडदा बोलू लागला. त्यांचा 'सेतुबंधन' १९३२ साली मूकपट म्हणून तयार झाला आणि त्याला नंतर आवाज द्यावा लागला. कोल्हापूर सिनेटोनसाठी केलेला 'गंगावतरण' १९३७ साली आला. तोच त्यांचा एकमेव बोलपट आणि शेवटचा चित्रपटही. १६ फेब्रुवारी १९४४ रोजी नाशिक येथे त्यांचे निधन झाले, तेव्हा त्यांनी उभारलेल्या उद्योगाला त्यांची फारशी आठवण उरली नव्हती. तिकडे मेलिएसचेही असेच झाले होते. उतारवयात तो पॅरिसच्या मोंपार्नास स्थानकावर खेळणी आणि मिठाई विकीत बसे. दोन देशांतले दोन जादूगार, दोघांनाही त्यांच्याच यंत्राने मागे टाकले.

पुढे सन्मान आले. १९६९ साली त्यांच्या नावाचा सर्वोच्च चित्रपट पुरस्कार सुरू झाला. पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाने 'राजा हरिश्चंद्र', 'लंका दहन', 'कालिया मर्दन' यांचे हाती लागलेले भाग जतन केले. त्यासाठी संग्रहालयाचे पी. के. नायर यांनी घेतलेले कष्ट मोठे आहेत. आगकाड्यांच्या त्या फितीच्या नशिबी मात्र हे जतन आले नाही. ती काळाच्या ओघात नाहीशी झाली. तिने दाखविलेली वाट पुढेही वाहती राहिली. १९३४ साली कलकत्त्याच्या न्यू थिएटर्सचा 'द पी ब्रदर्स' हा ॲनिमेशनपट आला. वाटाण्याचा दाणा पुन्हा एकदा पडद्यावर! १९५६ साली फिल्म्स डिव्हिजनने व्यंगपट विभाग सुरू केला, डिस्नेच्या क्लेअर वीक्स यांनी तिथे तरुणांना शिकविले आणि राम मोहन यांच्यासारखे कलावंत त्यातून घडले.

आता ॲनिमेशनचे काम संगणकावर होते. सेकंदाला चोवीस चित्रे लागतात आणि मधली बरीचशी संगणक स्वतः भरतो. तरीही बाहुली किंवा मातीचे पात्र हलवून चित्रपट करणारे कलावंत आजही फाळके यांच्याच रीतीने काम करतात. वस्तू ठेवायची, टिपायची, किंचित सरकवायची, पुन्हा टिपायची. पुराणांतील देवांना पडद्यावर आणणारे म्हणून फाळके थोर आहेतच. पण ज्या काडीचा उपयोग एकदा पेटून विझण्यापलीकडे कोणाला सुचला नसता, तिच्यातही एक पात्र दडले आहे हे ओळखणारी नजर त्यांना मिळाली होती. त्या नजरेपायी त्यांनी एकदा डोळे गमावले, दोनदा धंदा गमावला आणि घरचे सोने गमावले. काड्या मात्र चालल्या.